नायक विसरा, गडी बघा

डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात जर्मनीत टीव्ही लावला, तर कुठल्या ना कुठल्या वाहिनीवर एक सिंड्रेला हमखास सापडते. ही सिंड्रेला चुलीपाशी रडत बसत नाही. बर्फातून घोडा दौडवते, नेमबाजीत राजपुत्रावर मात करते. चित्रपट १९७३चा, चेकोस्लोवाकिया आणि पूर्व जर्मनीने मिळून काढलेला. चेक नावाचा अर्थ 'पोपेल्कासाठी तीन हेझलनट'. 'पोपेल' म्हणजे राख, त्यावरून पोपेल्का. नॉर्वेत तर २४ डिसेंबरच्या सकाळी सरकारी वाहिनीवर हा चित्रपट लागला नाही, तर नाताळ आला असं कुणाला वाटत नाही. २०२१ मध्ये नॉर्वेने त्याची स्वतःची आवृत्तीही काढली.

तिकडे राहणाऱ्या मराठी वाचकांपैकी अनेकांनी तो शेजाऱ्यांच्या आग्रहाने एकदा तरी पाहिला असेल. पोपेल्का आठवते, राजपुत्र आठवतो. पण तिला ते तीन हेझलनट आणून देणारा, डोळ्यांत मिश्किल प्रेम असलेला गडी आठवतो का? त्याचं नाव विन्त्सेक. पडद्यावर मोजकाच वेळ दिसतो. चेक माणसाला मात्र विचारून बघा. तो राजपुत्राच्या आधी या गड्याचं नाव घेण्याची शक्यता बरीच आहे, आणि विन्त्सेक नव्हे, नटाचं नाव घेईल: व्लादिमीर मेन्शीक.

ज्याला जवळजवळ कधीच नायक होता आलं नाही, तो अख्ख्या देशाचा लाडका कसा होतो, हे कोडं उलगडायचं तर चरित्र अभिनय, सरकारी स्टुडिओ, तिजोरीत बंद झालेले चित्रपट, बंदी घातलेले लेखक असं बरंच काही समजून घ्यावं लागतं. (मेन्शीकला मी एकेरीच संबोधणार आहे. आवडत्या नटाला 'अहो-जाहो' केलं की तो परका वाटतो.)

## चरित्र अभिनेता म्हणजे उरलेला नट नव्हे

चरित्र अभिनेता म्हणजे कथेचा नायक न होता कथेतलं एखादं ठसठशीत माणूस उभं करणारा नट. गावचा पोस्टमन, दारुडा काका, लाचखाऊ कारकून, बोलघेवडा न्हावी. आपल्याकडे अनेकांना वाटतं, की नायक व्हायला रूप कमी पडलं की माणूस चरित्र भूमिकांकडे वळतो. हा मोठा गैरसमज आहे.

फोडणीतल्या हिंगाचं उदाहरण घ्या. तो डाळीची जागा घेऊ शकत नाही, नुसता हिंग कुणी खात नाही. पण तो नसला की पहिल्या घासालाच कळतं. नायकाजवळ स्वतःला सिद्ध करायला दोन तास असतात. चरित्र अभिनेत्याला चाळीस सेकंदं मिळतात, आणि तेवढ्यात प्रेक्षकाला वाटावं लागतं, की हा माणूस या दृश्याच्या आधीही जगत होता आणि नंतरही जगणार आहे. घरी त्याचं बायकोशी भांडण झालंय, बूट चावतोय, उधारी थकलीय. संवादात यातलं काहीच नसतं. ते दारातून आत येण्याच्या पद्धतीत असतं.

चेक रंगभूमीवर अगदी लहान भूमिकेला एक झकास शब्द आहे: 'श्त्येक'. शब्दशः अर्थ भुंकणं. आलात, एकदा भुंकलात, गेलात. नटमंडळी हा शब्द थोड्या कुत्सितपणे आणि थोड्या प्रेमाने वापरतात. मेन्शीकने शंभराहून जास्त चित्रपटांत काम केलं आणि त्यातल्या कित्येक भूमिका अशा एका भुंकण्याएवढ्या होत्या. पण भुंकणं असं, की लोक घरी जाऊन त्याचीच नक्कल करायचे.

## इवान्चित्से ते प्राग

मेन्शीकचा जन्म ९ ऑक्टोबर १९२९चा, दक्षिण मोराव्हियातल्या इवान्चित्से या छोट्या गावातला. आजचा चेक देश मुख्यतः दोन भागांचा: पश्चिमेला बोहेमिया, म्हणजे प्रागचा मुलूख, आणि पूर्वेला मोराव्हिया, ज्याचं मोठं शहर बर्नो. मोराव्हियातल्या बोलीचा हेल वेगळा. प्रागच्या माणसाला तो थोडा गावंढळ आणि बराच गोड वाटतो. हा हेल लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

याच इवान्चित्सेत १८६० मध्ये आल्फोन्स मुखा हा चित्रकार जन्मला. पॅरिसच्या नाट्यगृहांसाठी केलेल्या त्याच्या भित्तिपत्रकांवरच्या लांब केसांच्या, फुलांनी वेढलेल्या बायका आजही जगभर कपांवर आणि पिशव्यांवर दिसतात. एवढ्याशा गावाने एक देखण्या चेहऱ्यांचा चित्रकार दिला आणि एक मुळीच देखणा नसलेला चेहरा.

मेन्शीकचं बालपण जर्मन ताब्यात गेलेल्या देशात गेलं. युद्ध संपलं तेव्हा तो पंधरा वर्षांचा होता. पुढे बर्नोच्या नाट्य-संगीत अकादमीत शिकून तो १९५३ मध्ये बाहेर पडला आणि प्रागला एमिल फ्रांतिशेक बुरियान यांच्या नाट्यसंस्थेत दाखल झाला. बुरियान म्हणजे युद्धाआधीच्या प्रयोगशील चेक रंगभूमीचं मोठं नाव, नाझींच्या छळछावण्यांतून जिवंत परतलेला माणूस. त्यांच्या हाताखाली पाच वर्षं काढून १९५८च्या सुमारास मेन्शीकने एक निर्णय घेतला. रंगभूमी सोडून तो बारांदोव्ह चित्रपट स्टुडिओचा पगारी नट झाला.

इथे थांबायला हवं, कारण 'स्टुडिओचा पगारी नट' ही कल्पना आज आपल्याला अनोळखी वाटते.

## नट, पण महिन्याच्या पगारावर

बारांदोव्ह हा प्रागच्या दक्षिणेला टेकडीवर वसलेला स्टुडिओ. तो १९३०च्या दशकात मिलोश हावेल या उद्योजकाने उभारला. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या नाटककार वात्स्लाव हावेलचा हा काका. ऑगस्ट १९४५ मध्ये एका सरकारी फर्मानाने देशातला सगळा चित्रपट व्यवसाय राष्ट्राच्या मालकीचा झाला. कम्युनिस्ट सत्तेवर आले ते १९४८च्या फेब्रुवारीत, म्हणजे चित्रपट सरकारी झाला तो त्यांच्याही आधी.

त्यानंतर निर्माता नावाची व्यक्तीच उरली नाही. पैसा सरकारचा, कॅमेरा सरकारचा, चित्रपटगृहं सरकारची. कथेची निवड आणि मशागत करायला स्टुडिओत 'ड्रामातुर्ग' असत. ड्रामातुर्ग म्हणजे संहिता वाचणारा, लेखकाबरोबर बसून ती सुधारणारा आणि वरच्या साहेबांकडून मंजूर करून आणणारा माणूस. सुईणही तोच आणि दारावरचा पहारेकरीही तोच.

तिकीटबारीवर घर चालत नसल्यामुळे एका ताऱ्याच्या नावावर चित्रपट विकण्याची घाई नव्हती. उलट तेच पन्नास-साठ ताकदीचे नट सगळ्या चित्रपटांत फिरून फिरून दिसत. आज इथे न्यायाधीश, उद्या तिथे पाणक्या. बहुतेक नटांची दिवसभराची फेरी ठरलेली असे: सकाळी चित्रीकरण, दुपारी रेडिओ किंवा परदेशी चित्रपटांचं डबिंग, रात्री नाटक. मेन्शीकने नाटक सोडल्यामुळे त्याची रात्र मोकळी झाली आणि भूमिकांचा ओघ वाढला. एका माणसाच्या नावावर शंभराहून जास्त चित्रपट कसे जमले, याचं निम्मं उत्तर या व्यवस्थेत आहे. उरलेलं निम्मं उत्तर असं, की दिग्दर्शकाला एखादं पात्र कागदावर फिकं वाटलं, की ते मेन्शीकला देऊन मोकळं होता यायचं.

## एक टेबल, तीन शिपाई

त्याचं काम बघायला कुठून सुरुवात करावी, असं कुणी विचारलं, तर मी मिलोश फोरमनच्या १९६५च्या 'एका सोनेरी केसांच्या मुलीची प्रेमं' या चित्रपटातलं नाचाच्या सभागृहातलं दृश्य सांगेन.

प्रसंग साधा आहे. बुटांचा कारखाना असलेलं गाव, तिथे काम करणाऱ्या तरुण मुली ढीगभर, मुलगे जवळजवळ नाहीत. कारखान्याचा साहेब सैन्याला विनवणी करतो, की इथे एक तुकडी ठेवा. मुली नटूनथटून वाट बघतात, आणि आगगाडीतून उतरतात ते पोट सुटलेले, टक्कल पडू लागलेले, लग्न झालेले राखीव दलाचे शिपाई. संध्याकाळी नाच ठेवलेला. एका टेबलावर तीन मुली, समोरच्या टेबलावर असे तीन शिपाई. त्यातला एक मेन्शीक.

तिघांची मसलत सुरू होते. वाइनची बाटली पाठवावी का? वेटर ती बाटली चुकून भलत्याच टेबलावर ठेवतो. आता ती परत कशी मागायची? एक जण बोटातली लग्नाची अंगठी हळूच काढू बघतो आणि ती निसटून नाचणाऱ्या पायांमधून घरंगळत जाते. बस्स, एवढंच घडतं. या एवढ्याशा गोष्टीवर फोरमन कितीतरी मिनिटं रेंगाळतो आणि आपण हसता हसता ओशाळतो, कारण तिघांच्याही चेहऱ्यावरची ती केविलवाणी उमेद ओळखीची असते.

फोरमनची एक पद्धत होती. तो शिकलेल्या नटांमध्ये कधी कॅमेरा न बघितलेली साधी माणसं मिसळायचा. ही माणसं अभिनय करूच शकत नाहीत, त्यामुळे त्यांच्याशेजारी नटाचं खोटं लगेच उघडं पडतं. आणि नटाकडे लय असते, ती या माणसांना सावरून नेते. घरच्या भजनात एक पेटीवाला बसवतात तसंच. बाकीचे कसेही गाऊ देत, पेटी सूर सोडत नाही आणि स्वतः पुढेही येत नाही. त्या टेबलावर मेन्शीक ती पेटी आहे. तो दृश्य ओढतोय हे दोनदा पाहिल्याशिवाय कळत नाही.

हा चित्रपट ऑस्करच्या परदेशी चित्रपट विभागात अंतिम यादीपर्यंत गेला. या काळातल्या तरुण चेक दिग्दर्शकांच्या कामाला 'नवी लाट' म्हणतात. काही वर्षं सरकारी पकड सैल झाली होती आणि त्या फटीतून हे सगळं बाहेर आलं.

## "म्हणजे विनोदी नटच ना?"

ही शंका रास्त आहे. चेक लोकही त्याला आधी विनोदासाठीच आठवतात. पण फ्रांतिशेक व्लाचिलच्या 'मार्केता लाझारोव्हा' (१९६७) या मध्ययुगीन दरोडेखोरांच्या चित्रपटात तो बेर्नार्द नावाचा भटका भिक्षू आहे. चित्रपट काळा-पांढरा, बर्फ, लांडगे, रक्त. त्या सगळ्यात हा फाटका साधू आपल्या मेंढीला घेऊन हिंडतो आणि अधूनमधून थेट आकाशाशी हुज्जत घालतो. आधी हसू येतं. नंतर लक्षात येतं, की या क्रूर जगात देवाला जाब विचारणारा हा एकटाच आहे. १९९८ मध्ये चेक समीक्षकांनी या चित्रपटाला सर्वोत्तम चेक चित्रपट म्हणून निवडलं.

'मार्केता'नंतरच्याच वर्षी, १९६८ मध्ये, वोय्त्येख यास्नीच्या 'सगळे भले गाववाले' मध्ये तो प्यिर्क नावाचा भुरटा चोर झाला. मोराव्हियातल्या एका खेड्यातले मित्र, १९४५ला युद्ध संपल्याचा आनंद, मग १९४८, मग सरकारी सहकारी शेतीची सक्ती आणि मित्रांमित्रांत पडलेली फूट. १९६९च्या कान महोत्सवात यास्नीला दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं. प्यिर्कच्या भूमिकेत विनोद आहेच, पण तो दुखऱ्या दातावर जीभ फिरवण्यासारखा आहे.

एकदा तर त्याला मध्यवर्ती भूमिकाही मिळाली. एस्तेर क्रुम्बाखोव्हा या असामान्य बाईने दिग्दर्शित केलेला एकमेव चित्रपट, १९७०चा 'इंजिनियर सैतानाचा खून'. एक एकटी बाई जुन्या ओळखीच्या पुरुषाला जेवायला बोलावते. तो येतो, खातो, अजून खातो, घरातलं लाकूडसामानही सोडत नाही. हा खादाड पाहुणा मेन्शीक. पुरुषाला पोसण्यात बाईचा जन्म कसा जातो, यावर यापेक्षा चविष्ट आणि यापेक्षा जहरी चित्रपट मी पाहिलेला नाही.

## तिजोरीतले चित्रपट

२१ ऑगस्ट १९६८ला सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये घुसले. पुढच्या वीसेक वर्षांच्या काळाला तिथे 'नॉर्मलायझेशन' म्हणतात, म्हणजे 'सगळं पुन्हा ठीकठाक करणं'. या गोंडस शब्दाचा खरा अर्थ समजायला एक घर डोळ्यांपुढे आणा. मोठं भांडण होऊन गेलंय, ज्याने मारलं तो डोक्याशी बसलाय, आणि सगळे खाली मान घालून जेवतायत. वरण वाढ, मीठ दे, हवा छान आहे. एक विषय सोडून सगळ्यावर बोलायची मुभा.

चित्रपटांचं काय झालं? जाळले नाहीत. कपाटात ठेवले. चेकमध्ये अशा चित्रपटाला 'तिजोरीतला चित्रपट' म्हणतात. बँकेच्या लॉकरमध्ये तुमचाच दागिना आहे, पण किल्ली बँकेकडे आणि बँक वीस वर्षं बंद, असा प्रकार. 'सगळे भले गाववाले' तिजोरीत गेला. यास्नी देश सोडून गेला. फोरमन अमेरिकेला गेला आणि पुढे त्याने तिथे दोनदा दिग्दर्शनाचं ऑस्कर मिळवलं.

आणि मेन्शीक? तो दुसऱ्या दिवशी कामावर गेला. माझ्या मते चरित्र अभिनेत्याचं वेगळेपण इथे उघड होतं. चित्रपट ज्याच्या नावाने ओळखला जातो तो दिग्दर्शक बुडतो, लेखक बुडतो. ज्याने त्यात चार दृश्यांत चोर केला, त्याला कुणी विचारत नाही. लहान भूमिकेला सावली असते. तिची किंमतही असते: त्याचं सर्वात उत्तम कामच त्याच्या प्रेक्षकांना वीस वर्षं बघता आलं नाही. त्यांना दिसत राहिला तो फक्त हसवणारा मेन्शीक.

## "मग तो सरकारचा नट होता का?"

हा प्रश्न चेक लोक स्वतःलाच अजून विचारतात. एका बाजूला असं, की मेन्शीकला राज्याने मानाच्या पदव्या दिल्या, टीव्हीने त्याला डोक्यावर घेतलं. दुसऱ्या बाजूला त्या काळात 'न बोलणं' आणि 'सामील असणं' यांतली रेघ फार पुसट होती.

तुलनेसाठी दुसऱ्या एका चरित्र अभिनेत्याकडे बघू. पावेल लांदोव्स्की, जन्म १९३६. धिप्पाड देह, खरखरीत आवाज, गावगुंडापासून पुढाऱ्यापर्यंत काहीही वठवणारा. जानेवारी १९७७ मध्ये हावेल आणि काही साथीदारांनी 'चार्टर ७७' हे निवेदन काढलं. सरकारने स्वतःच सही केलेल्या मानवी हक्कांच्या कराराची आठवण त्यात सरकारला करून दिली होती. ही कागदपत्रं पोहोचवायला ६ जानेवारीला गाडी निघाली, ती चालवत होता लांदोव्स्की. पोलिसांनी पाठलाग करून सगळ्यांना पकडलं. तीनच आठवड्यांनी, २८ जानेवारीला, प्रागच्या राष्ट्रीय नाट्यगृहात कलावंतांना गोळा करून चार्टरच्या विरोधातल्या निवेदनावर सह्या घेतल्या गेल्या. सही करणाऱ्यांपैकी बहुतेकांनी मूळ चार्टर वाचलेलंही नव्हतं. वाचायला मिळतच नव्हतं.

लांदोव्स्कीला देश सोडावा लागला. व्हिएन्नाच्या प्रसिद्ध बुर्गथिएटरमध्ये तो जर्मनमधून नाटकं करू लागला. विचार करा, ज्याचं भांडवल बोलण्याचा ढंग हेच आहे, त्या नटाला चाळिशी ओलांडल्यावर परक्या भाषेत पुन्हा उभं राहावं लागलं. १९८८च्या एका अमेरिकी चित्रपटात तो डुक्कर पाळणाऱ्या चेक खेडुताच्या भूमिकेत दिसतो. बोलतो इंग्रजी. त्याच वर्षी मेन्शीक वारला.

दोघांपैकी कोण बरोबर, हे ठरवायचा अधिकार मला नाही आणि प्रागमध्ये न जगलेल्या कुणालाच तो असू नये असं वाटतं. एवढंच दिसतं, की एकाने भाषा गमावली आणि दुसऱ्याने विषय गमावले.

## गड्याच्या मांडीवर पडलेलं घरटं

आता परत पोपेल्काकडे. १९७३ सालच्या या निष्पाप परीकथेच्या पोटात बरंच लपलेलं आहे.

पटकथा लिहिली होती फ्रांतिशेक पाव्लीचेक यांनी. ते नाटककार आणि प्रागच्या एका मोठ्या नाट्यगृहाचे संचालक. १९६८ नंतर त्यांची खुर्ची गेली आणि लिहायलाही बंदी आली. मग या चित्रपटाला परवानगी कशी मिळाली? बोहुमिला झेलेन्कोव्हा या बाईने पटकथेवर स्वतःचं नाव घातलं. त्या बारांदोव्हच्या ड्रामातुर्ग होत्या. मघाशी सुईण आणि पहारेकरी म्हटलं ते हेच. पहारेकऱ्यानेच मागचं दार उघडून दिलं. खऱ्या लेखकाचं नाव लोकांना कळलं ते राजवट कोसळल्यानंतर.

चित्रपट उन्हाळ्यात घडणार होता. पण जर्मन स्टुडिओची माणसं उन्हाळ्यात दुसऱ्या कामांत अडकलेली, म्हणून चित्रीकरण हिवाळ्यावर गेलं, आणि त्यामुळेच तो नाताळचा चित्रपट झाला. सावत्र आईचं घर म्हणजे बोहेमियातला श्विहोव्हचा पाणकोट, राजवाडा म्हणजे जर्मनीत ड्रेस्डेनजवळचा मोरित्सबुर्ग. तिथे बर्फ पडला नाही तेव्हा खोटा बर्फ पसरला. त्यात माशांची भुकटी होती, आणि तिच्या वासाने सगळे हैराण झाले होते, असं सांगतात. आज मोरित्सबुर्गच्या पायऱ्यांवर पोपेल्काचा ब्राँझचा बूट बसवलेला आहे.

आणि तो मोराव्हियन हेल आठवतो का? राजपुत्राचं काम करणारा पावेल त्राव्नीचेक बर्नोहून आलेला होता. त्याच्या बोलण्यात तो हेल होता, म्हणून चेक आवृत्तीत त्याला दुसऱ्या नटाचा आवाज दिला गेला. राजपुत्राने शुद्धच बोललं पाहिजे! मेन्शीकही त्याच मुलखातला. त्याचा आवाज कुणी बदलला नाही. गड्याने कसं बोलावं याची राजदरबाराला पर्वा नसते. चरित्र अभिनेत्याला मिळणारं स्वातंत्र्य यापेक्षा नेमकं दाखवणारं उदाहरण मला माहीत नाही.

## ३१ डिसेंबरची रात्र

चित्रपटांपेक्षाही मेन्शीक घराघरांत पोहोचला तो टीव्हीमुळे. ३१ डिसेंबरला तिथे संत सिल्व्हेस्टरच्या नावावरून 'सिल्व्हेस्टर' म्हणतात. त्या रात्री सरकारी टीव्हीवर मनोरंजनाचा मोठा कार्यक्रम असायचा आणि वाहिन्या एक-दोनच असल्यामुळे सगळा देश तोच बघायचा. मेन्शीकने असे कार्यक्रम अनेकदा रंगवले. तो विनोद सांगत नसे, गोष्टी सांगत असे. गावातल्या, घरातल्या, स्वतःच्या फजितीच्या. गोष्ट वळणं घेत भलतीकडे जायची, तो हात हवेत नाचवायचा, आणि शेवटाला पोहोचेपर्यंत लोकांना शेवटाची गरजच उरलेली नसायची. मघाच्या जेवणाच्या घराचं रूपक लांबवायचं, तर खाली मान घालून जेवणाऱ्या त्या घरात वर बघून हसायला लावणारा हा काका होता. निषिद्ध विषय त्यानेही काढला नाही.

१९८०च्या सुमाराची 'आराबेला' ही मालिका मुलांनी उचलून धरली. त्यात तो टीव्हीवर मुलांना परीकथा सांगणारा नट होतो. एक दिवस त्याला एक घंटी सापडते, तो ती वाजवतो आणि समोर परीकथेतला जादूगार उभा राहतो. दिग्दर्शक पोपेल्काचाच, वात्स्लाव वोर्लिचेक. याच वोर्लिचेकच्या १९७४च्या एका चित्रपटात मेन्शीक प्रागमध्ये राहणारा पाणभूतही झाला होता.

पडद्याबाहेर त्याला दम्याने पिडलं होतं. हसू आणि खोकला यांतलं अंतर त्याच्याबाबतीत फार थोडं होतं. दारूशीही झगडा होता. तब्येत ढासळत असतानाही कामं चालू राहिली. २९ मे १९८८ला तो बर्नोमध्ये वारला, तेव्हा ५८ वर्षांचा होता. दीड वर्षाने, नोव्हेंबर १९८९ मध्ये, राजवट कोसळली आणि तिजोऱ्या उघडल्या. भिक्षू, चोर आणि खादाड सैतान असा मेन्शीक नव्या प्रेक्षकांनी पाहिला तो त्याच्या माघारी.

## "एवढा मोठा, मग जगाला माहीत कसा नाही?"

कारण त्याची निम्मी कला बोलण्यात होती, आणि बोलणं सीमा ओलांडताना जकातनाक्यावर अडतं. उपशीर्षकं शब्द सांगतात. एखादा शब्द कुठल्या गावात कसा ओढला जातो, कुठे गिळला जातो, ते सांगत नाहीत. नायकाचा देखणेपणा कुठल्याही भाषेत तसाच दिसतो, हेल तेवढा मागे राहतो.

नॉर्वेत पोपेल्का दाखवतात ती आवृत्ती तर आणखी गमतीची. तिथे क्नुत रिसान या एकाच नटाने सगळी पात्रं बोलली आहेत. पोपेल्का, राजपुत्र, सावत्र आई, राजा, गडी, सगळ्यांचा आवाज एका पुरुषाचा. नॉर्वेच्या लोकांना ते इतकं प्रिय आहे, की दुसरं काही चालत नाही.

पण त्या आवृत्तीतही एक क्षण तसाच पोहोचतो. पोपेल्काने गड्याला सांगितलेलं असतं, की वाटेत जे तुझ्या नाकावर येऊन आदळेल ते माझ्यासाठी आण. बर्फाळ रानातून गाडी चाललेली, घोड्यांना वाट ठाऊक, विन्त्सेक बसल्या बसल्या पेंगतो. राजपुत्र मजेखातर बाण मारून झाडावरचं घरटं पाडतो आणि ते थेट या झोपलेल्या माणसावर पडतं. मेन्शीक दचकून जागा होतो, मांडीवरच्या काटक्यांकडे बघतो, त्यातले तीन हेझलनट उचलून तळहातावर धरतो. तिथे त्याला संवाद नाही, त्यामुळे भाषांतर करायलाही काही नाही.